बर्फघरातल्या खुनाचं माझं आकलन

रविवार, ४ फेब्रुवारी. सकाळ.

आजपासून रोजनिशी. कोणी वाचावी म्हणून नाही. माझ्या डोक्यात जे चालतं ते कुठेतरी नोंदलेलं असावं, एवढंच. घरात ऐकणारं कोणी नाही.

काल चित्रपट मंडळाची मीटिंग. अध्यक्ष पद सोडतायत. प्रकृतीचं कारण सांगितलं. प्रकृती ठणठणीत आहे, अभिरुची आजारी होती. नवा अध्यक्ष चोवीस तारखेच्या शोनंतर हात वर करून निवडायचा. उमेदवार दोन. मी आणि दंतवैद्य. म्हणजे तसा एकच.

दंतवैद्य सिनेमा बघताना वेफर्स खातो. आवाज करत. लोक त्याला दिलखुलास म्हणतात. मंडळात दिलखुलास माणसांची कमतरता नाही, सिनेमा कळणाऱ्यांची आहे.

चोवीसचा सिनेमा कोरियन. ऐतिहासिक, शिवाय डिटेक्टिव्ह, शिवाय कॉमेडी. कोणी सुचवला विचारलं तर सगळे दंतवैद्याकडे बघायला लागले. वाटलंच. शोआधी पंधरा मिनिटं प्रास्ताविक कोण करणार, असं अध्यक्षांनी विचारलं. सगळे बुटांकडे बघायला लागले. मी हात वर केला. दंतवैद्य म्हणाला, बरं झालं बुवा, तुम्हीच बोला, मला नुसतं हसता येतं. स्वतःच्या तोंडाने कबूल केलं.

मंडळाची डिस्क घरी आणली आहे. ब्लू-रे. मोबाइलवर सिनेमा बघणाऱ्यांना या शब्दाचा अर्थ समजावण्यात मी आता वेळ घालवत नाही.

मुलीला फोन केला. ती फिजिओथेरपिस्ट आहे, दवाखान्याजवळ मैत्रिणीबरोबर खोली घेऊन राहते. लहान होती तेव्हा दर रविवारी माझ्या शेजारी बसून सिनेमा बघायची. मी दर सीन थांबवून तिला समजावून सांगायचो. किती शिकली असेल. कॉलेजात गेली आणि यायची थांबली. आता बसमध्ये, तळहाताएवढ्या पडद्यावर बघते. माझी मुलगी!

म्हटलं, ये दुपारी. म्हणाली, बाबा, मध्ये न थांबवता सलग बघणार असाल तर येते. मी म्हटलं, सलगच बघू, पण समजून घेत. म्हणाली, बघते कसं जमतंय ते.

दुपारी ४.

आली नाही. मला काही फरक पडत नाही. तिची म्हणून सोफ्यावर कोपऱ्यातली जागा मोकळी ठेवली होती, तिथे आता वर्तमानपत्रं ठेवली आहेत.

संध्याकाळी ६.

डिस्क लावली. मेनू अख्खा कोरियन लिपीत. दुसरा कोणी असता तर हात टेकले असते. मी शांतपणे एकेक चित्र बघत सबटायटल्सचं पान गाठलं. तिथे इंग्रजीच्या दोन ओळी. एक वर, एक खाली. खालच्या ओळीत इंग्रजीपुढे कोरियन भाषेत आणखी काहीबाही लिहिलेलं. म्हणजे ती सविस्तर. वरची सामान्य प्रेक्षकांसाठी असणार. खालची निवडली.

पहिला सीन. भर उन्हाळा. राजाचा दरबार भरलाय. टोप्या घातलेली माणसं पंख्यांनी वारा घेतायत, घाम निथळतोय. आणि खाली अक्षरं येतात: त्या दिवशी इतकी थंडी होती की सगळ्यांनी आतून दोन-दोन स्वेटर घातले होते.

मी उठून उभा राहिलो. पहिल्याच मिनिटाला दिग्दर्शकाने ठणकावून सांगितलं, डोळ्यांवर विश्वास ठेवू नका! असं धाडस आयुष्यात पाहिलं नाही. सिनेमा थांबवला. नोंद केली. बायकोला बोलावून समजावलं. ती म्हणाली, गॅसवर दूध आहे.

दूध उतरवून ती दोन मिनिटं येऊन बसली. म्हणाली, अहो, तो माणूस केव्हाचा बोंबलतोय आणि खाली काहीच नाही. आणि आता घोडा एकटा उभा आहे तर तीन ओळी आल्या. मी म्हटलं, ही अंतर्मनाची भाषा आहे. म्हणाली, घोड्याच्या?

या घरात राहून मी इतका टिकलो हेच नवल.

मंगळवार, ६ फेब्रुवारी. रात्रीच्या जेवणाआधी.

मान धरली आहे. टीव्ही भिंतीवर उंच लावलाय म्हणून. लावायला आलेला माणूस म्हणत होता, साहेब, सोफ्यावर बसून बघायचंय ना, मग खाली घ्या. मी त्याला सांगितलं होतं, सिनेमाकडे मान वर करून बघायचं असतं. अजूनही माझं तेच मत आहे. मान जरा डावीकडे धरून बघितलं की दुखत नाही. मग पडदा तिरका दिसतो. पण काही कलाकृती तिरक्याच बघाव्या लागतात.

गोष्ट अशी. उन्हाळ्यात, बंद खोल्यांमध्ये, राजाचे अधिकारी एकामागून एक गोठून मेलेले सापडतात. अंगावर बर्फाचा थर. तपास करायला एक आळशी अधिकारी नेमतात. त्याच्या मदतीला राजवाड्यातून हाकललेला एक स्वयंपाकी. राजाचं बर्फ साठवायचं एक तळघर आहे, त्याचं गूढ.

आज राजवैद्याचा प्रवेश झाला. पांढरी दाढी, गोड चेहरा, गोरगरिबांना फुकट औषध देतो. खाली अक्षरं: बघा, इथेच त्याच्या बाहीत बर्फ फोडायची टोची आहे, पण प्रेक्षकांच्या लक्षात येत नाही.

माझ्या आलं! ताबडतोब! खुनी राजवैद्य आहे. सिनेमा अजून निम्मासुद्धा झालेला नाही. बायकोला स्वयंपाकघरात जाऊन सांगितलं. ती म्हणाली, खाली लिहूनच आलंय ना? मी म्हटलं, लिहून सगळ्यांनाच येतं, वाचता यावं लागतं.

विमा कंपनीत इतकी वर्षं लोकांचे क्लेम तपासतोय ते उगाच नाही. खोटा माणूस मला चेहऱ्यावरून कळतो.

शुक्रवार, ९ फेब्रुवारी. ऑफिस. लंच.

समोरच्या टेबलावरचा सर्दीवाला (बारा महिने नाक ओढतो) डबा खाताना मोबाइलवर सिरियल बघतोय. आवाज कानात, पडदा पाण्याच्या बाटलीला टेकवलेला. मी त्याला माझ्या सिनेमाबद्दल सांगायला लागलो. घोड्याचा सीन सांगितला. घोडा दौडतोय, वर अधिकारी ऐटीत बसलाय, आणि खाली येतं: बिचारा हा घोडा पुढच्याच आठवड्यात मेला. घोडा त्यानंतर मी बघितलं तिथपर्यंत जिवंतच दिसतो! मृत्यू ठरलेला असताना धावत राहणं, याला म्हणतात इतिहासाकडे बघण्याची दृष्टी. सर्दीवाला म्हणाला, मग मेला कधी? मी विषय सोडला.

संध्याकाळ.

बेकरीचा क्लेम होता. भट्टीत स्फोट, भिंत काळी. बेकरीवाला माझ्याशी फारच गोड बोलत होता. पांढरी दाढी. बस, मी ओळखलं. भट्टीमागे वाकलो, हुंगलो, बाह्या बघितल्या त्याच्या. बाह्या कशाला बघताय, असं विचारलं त्याने. उत्तर न देणं हा तपासाचाच भाग. रिपोर्टात लिहिलं, घातपाताचा दाट संशय.

मॅडमनी केबिनमध्ये बोलावलं. म्हणाल्या, गॅस कंपनीने व्हॉल्व्ह खराब होता असं लेखी कळवलंय, रिपोर्टाला जोडलेलंच आहे, वाचलं नाही का? मी म्हटलं, कागद काय, कोणीही लिहितं. मॅडमनी फाइल मिटली. मग म्हणाल्या, तुम्ही मान अशी का धरलीय?

माणसांना महत्त्वाचं काय आणि बिनमहत्त्वाचं काय, हेच कळत नाही.

रविवार, ११ फेब्रुवारी. दुपार.

मुलगी आली. सिनेमासाठी नाही, मानेसाठी. बायकोने परस्पर फोन केला होता. बोटांनी दाबून बघितलं, एका ठिकाणी मी ओरडलो. टीव्हीकडे वर बघून तिने मान हलवली. म्हणाली, बाबा, हा टीव्ही आहे की कळस? दोन आठवडे पट्टा लावा, आणि टीव्ही खाली घ्या. मी म्हटलं, पट्टा लावीन.

चोवीसच्या भाषणाचं सांगितलं. म्हणाली, पंधरा मिनिटंच आहेत ना? मी म्हटलं, पंधरा म्हणजे साधारण. ती हसली नाही. म्हणाली, सुट्टी मिळाली तर येईन. जाताना दारात चपला घालता घालता म्हणाली, बाबा, एक सांगू का, लोकांना सिनेमा बघायचा असतो, तुम्हाला बघायचं नसतं.

आठ वर्षांची होती तेव्हा एकही वाक्य असं बोलायची नाही.

तिने यावं असं मला वाटतं. हे इथे लिहून ठेवायला हरकत नाही, कोणी वाचत नाही. अध्यक्ष तर मी होणारच. पण त्या वेळी ती समोर असावी, आणि तिला कळावं की ज्या माणसाच्या शेजारून ती उठून गेली तो कोण होता.

संकल्प: भाषण बरोबर पंधरा मिनिटांचं.

गुरुवार, १५ फेब्रुवारी. ऑफिसातून लवकर आल्यावर.

शेणाचा सीन पाहिला. रडू आलं.

तपास-अधिकारी खुन्याचा पाठलाग करताना शेणाच्या खड्ड्यात पडतो. गळ्यापर्यंत. सामान्य प्रेक्षक इथे खदाखदा हसणार. पण खाली काय येतं? हे खरं म्हणजे चॉकलेट होतं, शेवटी शेवटी मी चाटूनही बघितलं, बरं होतं चवीला.

गळ्यापर्यंत शेणात बुडालेला सरकारी नोकर म्हणतो, हे चॉकलेट आहे, चव बरी आहे! नोकरशाहीवर इतकं जळजळीत भाष्य मी वाचलेलं नाही. मला मॅडमची केबिन आठवली.

मग लगेच खजिन्याचा सीन. मंत्री सोन्याच्या पेट्यांसमोर उभे आहेत, आणि खाली येतं: इथपर्यंत येता येता आमचे पैसे पूर्ण संपले होते, पेट्या पुठ्ठ्याच्या आहेत. अर्थशास्त्राच्या पुस्तकात जे सापडत नाही ते एका ओळीत.

आणि विधवांचा सीन. शंभरेक बायका शोक करतायत आणि अधिकाऱ्याच्या मनात येतं: डावीकडची ती माझी सासू, हट्टाने आली होती. कर्तव्य बजावतानाही माणसाची सासरपासून सुटका नाही. हे मात्र बायकोला सांगितलं नाही.

भाषणाचा मसुदा तिला वाचून दाखवला. निम्म्यावर ती उठली. म्हटलं, काय झालं? म्हणाली, अहो, मला राहून राहून वाटतंय की काहीतरी भलतंच लागलंय. ओठ कुठे, अक्षरं कुठे. कोणाला तरी विचारून बघा. दंतवैद्यांनी आधी बघितलाय ना हा सिनेमा?

दंतवैद्याला विचारू! उद्या म्हणेल, वेफर्सवाल्याला विचारा.

रविवार, १८ फेब्रुवारी. संध्याकाळ.

सिनेमा संपला. पट्टा लावून पाहिला. पट्ट्यामुळे मान वर करता येत नाही, म्हणून सोफ्यावर आडवा पडून, पायाखाली दोन उशा घेऊन. बायको म्हणाली, बाळंतपणाला आल्यासारखे दिसताय.

शेवट: बर्फघराच्या दारात राजवैद्याला पकडतात. राजा येतो. हजारो लोक वाकून उभे. अधिकारी पहिल्यांदाच ताठ उभा राहतो आणि मोठं काहीतरी बोलतो. राजाच्या डोळ्यांत पाणी. खाली: चला, झालं एकदाचं, कोणाला भूक लागलीय?

टाळ्या वाजवल्या मी. एकट्याने. न्याय झाला, आणि उरली ती फक्त भूक.

एक शंका नोंदवून ठेवतो. सिनेमा कॉमेडी म्हणवतो, पण मला एकदाही हसू आलं नाही. म्हणजे वितरकांनी चुकीचं लेबल लावलंय. भाषणात हेही सांगणार.

शुक्रवार, २३ फेब्रुवारी. सकाळ.

भाषण वीस पानी झालं. त्यातलं एकही वाक्य काढण्यासारखं नाही. दोनदा प्रयत्न केला, दोन वाक्यं वाढली.

मंडळाच्या ग्रंथपालबाई (वाचनालय त्यांचं, हॉल त्यांचा, प्रोजेक्टरही त्याच लावतात) डिस्क न्यायला आल्या. त्यांना म्हटलं, उद्या लोकांना धक्का बसेल. म्हणाल्या, हो, माझ्या भाचीने बघितलाय, हसून हसून पोट दुखलं म्हणे. मी नुसता हसलो. भाचीचं वय सोळा.

मुलीचा मेसेज. सुट्टी मिळाली. येते. पुढे कसलंही चित्र नाही, हसरा चेहरा नाही. नुसतं येते.

तीनदा वाचला. अक्षरं सुबक असतात मोबाइलवर, एवढं मान्य करायला हवं.

शनिवार, २४ फेब्रुवारी. दुपारी ३.

कोट. पट्टा. वीस पानं. मनात कसलीही धाकधूक नाही. पानं तिसऱ्यांदा मोजली ती सवय म्हणून.

दंतवैद्याला हरल्यावर उपाध्यक्ष करावं असं वाटतंय. माणूस लहान असला तरी आपण मोठं व्हावं.

रविवार, २५ फेब्रुवारी. सकाळ.

काल लिहिलं नाही. लिहिण्याच्या मनःस्थितीत नव्हतो. आज सविस्तर, क्रमाने, वस्तुनिष्ठ लिहितो.

हॉल भरला होता. मुलगी आईबरोबर मागच्या रांगेत बसली. मी बोलायला उभा राहिलो. पंधरा मिनिटांनी ग्रंथपालबाईंनी घड्याळ दाखवलं. मी त्यांना पुढचं पान दाखवलं. पाऊण तास बोललो. हॉल चिडीचूप. थंडीचं बोललो, राजवैद्याच्या टोचीचं, घोड्याच्या मृत्यूचं, पुठ्ठ्याच्या पेट्यांचं, सासूचं बोललो, शेणाला चॉकलेट म्हणणाऱ्या नोकरशाहीवर तर दोन पानं बोललो. सांगितलं की हा सिनेमा कॉमेडी नाही, ज्याला हसू येईल त्याने आपली समज तपासून बघावी. शेवटी म्हटलं, न्याय झाल्यावर उरते ती फक्त भूक. लोक भारावले होते. एकाचे डोळे मिटलेले होते.

मानाने मला पहिल्या रांगेत बसवलं. दिवे गेले. दरबार. पंखे. घाम. मी थंडीची वाट बघत होतो.

खाली आलं: महाराज, काय हा उकाडा, टोपीत अंडं ठेवलं तर उकडून निघेल.

मला वाटलं दुसराच सिनेमा लावला. पण माणसं तीच. टोप्या त्याच. कोणी ओठ हलवले की अक्षरं येत होती, ओठ थांबले की थांबत होती. घोडा आला. घोडा काही बोलला नाही. मागे कोणीतरी फिसकलं. मग आणखी कोणीतरी. पट्ट्यामुळे मला वळता येत नव्हतं. कोण हसतंय ते कळेना. राजवैद्य आला, गोड हसला, बाहीत हात घातला, आणि खाली काहीच आलं नाही. त्याच वेळी मागून कोणीतरी हळूच म्हणालं, टोची. सगळा हॉल हसला.

मग तो खड्डा आला. अधिकारी गळ्यापर्यंत बुडाला आणि ओरडला. खाली: अरे देवा, शेण आहे हे!

दंतवैद्य मागून ओरडला, चॉकलेट!

त्यानंतर जे झालं ते मी वस्तुनिष्ठ लिहू शकत नाही. लोक खुर्च्यांवरून घसरत होते. खजिना दिसला की पुठ्ठा! विधवा रडल्या की सासूबाई! सिनेमातले विनोद वेगळे आणि माझे वेगळे, असं दोन्ही मिळून हसत होते. आणि त्या गदारोळात मला एक हसू ओळखू आलं. मागून, डावीकडून. माझ्या मुलीचं हसू मी कुठेही ओळखीन. घरात ते ऐकून किती वर्षं झाली ते मला सांगता येणार नाही. मी समोर बघत बसलो. दुसरीकडे बघताच येत नव्हतं.

मध्यंतरात ग्रंथपालबाई माझ्यापाशी वाकल्या. हळू आवाजात म्हणाल्या, त्या डिस्कवर इंग्रजीच्या दोन ओळी आहेत, वरची सिनेमाची, आणि खालची म्हणजे दिग्दर्शक आणि नट आपलाच सिनेमा बघत गप्पा मारत बसलेत, शूटिंगच्या गमती सांगतायत, त्याची. तुम्ही ती खालची लावली होती का?

अशा वेळी बुद्धी किती वेगाने चालते याचा अनुभव घेतला. मी म्हटलं, अर्थात. मला माहीत आहे.

म्हणाल्या, म्हणजे मुद्दाम?

मी म्हटलं, तुम्हाला काय वाटलं?

बाई टाळी वाजवून ओरडल्याच, अहो, यांनी मुद्दाम केलं सगळं! हॉलभर पसरलं. दंतवैद्य धावत आला, माझा हात दोन्ही हातांत धरून हलवत राहिला, मानेपर्यंत कळ गेली. म्हणाला, पाऊण तास असा चेहरा! जरासुद्धा हलला नाहीत! आणि वर हा पट्टा! पट्टा लावून आलात तुम्ही, कमाल केलीत, पंडिताचं सोंग काय वठवलंत! मी म्हटलं, पट्टा खरा आहे. त्यावर आणखी हसले.

शो संपल्यावर निवड. दंतवैद्याने स्वतः माझं नाव सुचवलं. म्हणाला, असा विनोदी माणूस आपल्यात इतकी वर्षं तोंड मिटून बसला होता! (तोंड मिटून मी कधीच बसलो नव्हतो, पण ते असो.) झाडून सगळे हात वर. मी अध्यक्ष झालो. एकच अट, दर महिन्याचं प्रास्ताविक याच ढंगात. पुढच्या महिन्यात एक शोकांतिका आहे. तिच्यावर तर धमाल येईल, असं मावळते अध्यक्ष म्हणाले.

माझ्या पात्रतेवर शिक्कामोर्तब झालं, असं याकडे बघायला हवं. बघतोय.

बाहेर पडताना मुलीने माझा हात धरला. फिजिओथेरपीचा नव्हे, साधा. बायको पुढे चालत होती. मुलगी म्हणाली, बाबा, तुम्ही खरंच स्वतःचीच नक्कल केलीत? ते थांबवून थांबवून समजावणं, सगळ्यात अर्थ शोधणं? मला वाटायचं, तुम्ही असे आहात हे तुम्हाला कळतच नाही.

मी पट्टा सारखा केला. म्हटलं, कळतं की.

तिने हात आणखी घट्ट धरला. म्हणाली, मग उद्या येते, आपण दोघं बसून परत बघू. आज हसण्यात निम्मे डायलॉग गेले. डिस्क मागून घ्या.

दिग्दर्शक आणि नटांना गप्पा मारायच्या तर घरी माराव्यात. लोकांच्या डिस्कवर कशाला?

रविवार, २५ फेब्रुवारी. संध्याकाळ.

मुलगी ठरल्या वेळी आली. आल्या आल्या स्टूलवर चढून टीव्हीचं माप घेतलं, उद्या माणूस पाठवते म्हणाली. मी विरोध केला नाही. सोफ्यावरची वर्तमानपत्रं तिनेच उचलली आणि कोपऱ्यात पाय वर घेऊन बसली. लहानपणी बसायची तशी. बायकोही आली, गॅसवर काही नव्हतं.

रात्रभर विचार करून ठेवला होता. ग्रंथपालबाईंचा प्रोजेक्टर वेगळा, माझं मशीन वेगळं. मी आधी डिस्क लावून वरची ओळ निवडणार, मग सगळ्यांना बोलावणार. काम एका मिनिटाचं. पण मी चष्मा शोधायला आत गेलो आणि बाहेर आलो तोवर मुलीने डिस्क आत सरकवली होती.

मेनू आलाच नाही. या मशीनला मागची निवड लक्षात राहते. ही सोय आहे असं मॅन्युअलमध्ये म्हटलंय.

दरबार. पंखे. घाम. त्या दिवशी इतकी थंडी होती की सगळ्यांनी आतून दोन-दोन स्वेटर घातले होते.

मुलीने रिमोट उचलून सिनेमा थांबवला. या घरात सिनेमा दुसऱ्या कोणी थांबवल्याची ही पहिली वेळ. मी म्हणणार होतो, तालमीसाठी लावलं होतं. उत्तर तयार होतं, चांगलं होतं. तेवढ्यात बायको म्हणाली, हेच गं, हेच तीन आठवडे लावून बसले होते, डोळ्यांत पाणी यायचं यांच्या.

मुलगी पडद्याकडे बघत राहिली. मला तिचा चेहरा दिसत नव्हता, त्यासाठी वळायला लागलं असतं. तिने विचारलं, बाबा, काल हॉलमध्ये बसायच्या आधी तुम्ही वरची ओळ कधी लावून बघितली होती?

मी म्हटलं, आता बघू.

तिने वरची लावली. रिमोट स्वतःच्या मांडीखाली ठेवला. म्हणाली, मध्ये बोलायचं नाही. मी म्हटलं, बरं. मग सिनेमा पहिल्यापासून सुरू झाला, नुसता दरबार, नुसते पंखे, आणि ती तोंडावर हात दाबून हसायला लागली, खांदे हलेपर्यंत, आणि तिचं बघून बायकोही. पडद्यावर अजून कोणी काही बोललेलं नव्हतं.